गिरणीवरची चौकशी

टिटवाळ्यात लग्नाच्या कामासाठी दोन ठिकाणी जायची पद्धत होती. एक गणपतीच्या देवळात आणि दुसरं गोविंदाच्या गिरणीवर. रखडलेलं लग्न जुळावं म्हणून कुठून कुठून माणसं गणपतीला येतात, नारळ ठेवतात, जुळलं तर जोडीने पुन्हा येतात. गिरणीवर यायची ती जुळत आलेलं लग्न तपासून घ्यायला. गणपती कुणाबद्दल काही बोलत नाही. गोविंदा बोलायचा, पण कुणी विचारलं तरच.

जुन्या गावठाणाच्या तोंडाशी त्याची गिरणी आहे, वडिलांच्या वेळेपासूनची. आजूबाजूला आता सात मजली, बारा मजली इमारती उठल्या आहेत आणि त्यांतली माणसं पिठाच्या पिशव्या मोबाईलवरून मागवतात. गावठाणातली घरं मात्र अजून डबा घेऊन गोविंदाकडेच येतात. पिशवीतल्या पिठाची भाकरी तव्यावर फुगत नाही, असं इथल्या बायकांचं ठाम मत आहे, आणि या एका मतावर गोविंदाचं घर चाललं आहे. गल्लीतला प्रत्येक डबा ज्याच्याकडे येतो त्याला प्रत्येक घर आतून ठाऊक असतं. कुणाकडे पाहुणे उतरलेत, कुणाकडे रेशनचा तांदूळ आला, कुणाची सून आपलं पीठ वेगळं दळून नेते, हे सगळं त्याला न विचारता कळायचं.

म्हणून मुलीकडचे असोत की मुलाकडचे, जो चौकशीला येई तो सरळ गिरणीची पायरी चढायचा. तुमच्या गल्लीतला अमुक मुलगा कसा आहे हो, असं विचारायचा. गोविंदा आधी चक्की बंद करायचा, कारण चालू चक्कीत ओरडून सांगावं लागतं आणि ओरडून सांगितलेलं अख्ख्या गल्लीला ऐकू जातं. मग हात झटकून माहीत असेल तेवढंच सांगायचा. तिखटमीठ लावायचा नाही आणि हातचं राखायचाही नाही. माहीत नसेल तर माहीत नाही म्हणायचा.

दळणाच्या बाबतीतही त्याचं तेच. एकादशीच्या आदल्या दिवशी राजगिरा घेऊन आलेल्या बाईला तो सांगायचा, "ताई, याआधी गहू काढलाय. दगडात राहिलेला गहू तुमच्या पिठात येणार. चालत असेल तर देतो दळून." सांगितलं नसतं तर त्या बाईचा उपवास मोडल्याचं तिला जन्मात कळलं नसतं. पण हा सांगायचा, आणि अर्ध्या बायका राजगिरा परत घेऊन जायच्या. त्याची बायको कलावती कपाळाला हात लावायची. "देवाला चालंल, तुमालाच चालत नाय," म्हणायची.

आता अशा माणसाला देवाने मुलगी द्यावी आणि त्या मुलीला लहानपणी फिट याव्यात, हा शुद्ध छळ होता. कृतिका सहा वर्षांची असताना पहिली फिट आली, अकराव्या वर्षी शेवटची. नंतर तीन वर्षं गोळ्या चालू होत्या, मग डॉक्टरांनीच बंद केल्या. आता तिचं तिसावं लागलं होतं. कल्याणच्या एका लॅबमध्ये ती रिपोर्ट टाईप करायची, रोज सकाळी डबा घेऊन निघायची, धडधाकट होती. या गोष्टीला आता कुणाच्या लेखी महत्त्व उरलं नव्हतं, एका गोविंदाच्या सोडून. मुलाकडचे पोहे खाऊन होईपर्यंत तो कसाबसा दम धरायचा आणि चहा आला की घसा साफ करायचा. "एक गोष्ट कानावर घालतो," म्हणायचा. कलावतीने आतून कितीही भांडी वाजवली तरी फरक पडायचा नाही.

माणसं ऐकून घ्यायची. चांगलं केलंत सांगितलंत, म्हणायची. एका गृहस्थांनी तर उठून त्याचे हात धरले होते, आजकाल अशी माणसं कुठे मिळतात म्हणून. आठ दिवसांनी त्यांचा मेसेज आला की पत्रिका जमत नाही. अशा एकूण नऊ पत्रिका जमल्या नाहीत.

त्यातच रत्नदीपची भानगड झाली. रत्नदीप गल्लीतलाच, चांगला मुलगा. पण त्याची नोकरी सुटली होती आणि घरच्यांनी मुलीकडच्यांना तो कंपनीत कायम आहे असं सांगितलं होतं. मुलीचा मामा गिरणीवर आला. गोविंदाने चक्की बंद करून सांगितलं, मुलगा सोन्यासारखा आहे, पण सहा महिने घरीच बसून आहे. सोयरीक मोडली. रत्नदीपचा बाप गिरणीसमोर उभा राहून सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "याची पोर घरात बसलीय ना, म्हणून दुसऱ्यांची मोडत सुटलाय."

हे मात्र गोविंदाला लागलं. त्या आठवड्यात गल्लीतले निम्मे डबे आले नाहीत, त्याचं त्याला एवढं वाटलं नाही. पण ते वाक्य त्या वेळी कामावरून परत येत असलेल्या कृतिकाने ऐकलं होतं. ती घरात आली, पर्स खुंटीला लावली. मग म्हणाली, "पप्पा, तुमच्या खरं बोलण्याची किंमत मी लहानपणापासून भरतेय. एकदा गप्प बसा ना. माझ्यासाठी. एकदाच."

त्याने मान हलवली. मुलीने आयुष्यात कधी काही मागितलं नव्हतं.

पुढचं स्थळ ठाण्याचं आलं, कोपरीचं. मुलगा नयन, एका औषध कंपनीच्या गोदामात कामाला, शांत, जाड भिंगांचा चष्मा. पोहे झाले, चहा आला. गोविंदाने सवयीने घसा साफ केला, तेवढ्यात कृतिकाने त्याच्याकडे बघितलं. त्याने समोरचा तांब्या उचलला आणि पाणी प्यायला. एवढंच झालं. नयनच्या वडिलांना मुलगी पसंत पडली. "पुढच्या रविवारी येऊ पुन्हा, तेवढ्यात तुमच्या इथे जरा चार माणसांना विचारतो, राग मानू नका," ते म्हणाले. राग कसला, गोविंदा म्हणाला, विचारलंच पाहिजे.

दोन दिवसांनी दुपारी रंगूबाई डबा घेऊन आली. रंगूबाईचं घर गल्लीच्या पहिल्याच वळणावर. नवरा कधीच गेलेला, मुलगा एकच, कमलेश. कमलेश भिवंडीला एका गोदामात सुपरवायझर होता, दिसायला रुबाबदार, बोलायला गोड. फक्त संध्याकाळी त्याच्या घरावरून जाताना लोक पाय उचलून चालायचे. तो प्यायचा, आणि प्यायला की आईवर हात टाकायचा. दुसऱ्या दिवशी रंगूबाई गिरणीवर यायची तेव्हा डबा उजव्या हाताऐवजी डाव्या हातात असायचा. गोविंदाने एकदा विचारलं तर म्हणाली, "ओट्यावरशी पडले." एकदा तो कमलेशला चार शब्द सुनवायला गेला, तर हीच मध्ये उभी राहिली आणि आमच्या घरात नाक घालू नको म्हणाली.

आज तिने डबा खाली ठेवला आणि पायरीवर बसली.

"गोविंदा, उद्या आंबिवलीशी मानसा येतील तुझेकडं. कमलेशचा इचाराला."

गोविंदाने तिचा डबा तराजूवर ठेवला.

"पोरगी चांगली हाय, शिकलेली हाय. घरान बाई आली का सुधारंल तो. सगले सुधारतात."

"आणि नाही सुधारला तर, वहिनी?"

रंगूबाईने पदराने तोंड पुसलं. "कोपरीची मानसा बी येतील ना आता, तुझे कृतिकाचा इचाराला. गल्लीन शिरला का माझाच घर पहिला लागतं. ती लहान असताना माझेच ओटीवर पडलेली, तोंडाला फेस आलेला, मीच कांदा धरलेला नाकाला. मी काय सांगू त्यांना, तू सांग."

ही धमकी असती तर गोविंदाला रागावता आलं असतं. पण ती डोळ्यांत पाणी आणून बोलत होती, आणि बोलताना डावा हात उजव्या मनगटावरून फिरवत होती. तिला घरात कुणीतरी हवं होतं. मार वाटून घ्यायला हवं होतं, असं म्हणायची हिंमत तेव्हा गोविंदाला झाली नाही. पण कळलं त्याला तेव्हाच.

दुसऱ्या दिवशी आंबिवलीचा माणूस आला. एकटाच, पन्नाशीचा, हातात कापडी पिशवी. पायरीखाली चपला काढून आत आला. गिरणीत कुणी चपला काढत नाही.

"गोविंदशेठ ना? तिघांनी सांगितलं, गिरणीवाल्यांना विचारा, ते खोटं बोलत नाहीत. मोठी मुलगी आहे माझी, दिशा. कमलेशचं स्थळ आलंय."

चक्कीत कुणाचा तरी गहू चालू होता. गोविंदाने बटणाकडे हात नेला आणि मागे घेतला. चक्की चालू राहिली. त्या माणसाला त्याच्या कानाशी वाकून बोलावं लागलं.

"कामाला जातो का नियमित?"

"जातो."

"घर?"

"स्वतःचं आहे. आई एकटीच. माणसं जुनी आहेत."

यातलं काही खोटं नव्हतं. इथवर निभावलं, आता हा उठेल, असं गोविंदाला वाटलं. पण मुलीचा बाप तो. आणखी वाकला. "पिण्याबिण्याचं काही?"

"तसं काही नाही," गोविंदा म्हणाला.

चक्कीच्या आवाजात त्याला ऐकू गेलं नाही. "काय म्हणालात?"

गोविंदाला ते पुन्हा म्हणावं लागलं, मोठ्याने, पार गल्लीला ऐकू जाईल असं. "तसं काही नाही."

त्या माणसाचा चेहरा सैल झाला. त्याने दोन्ही हात जोडले. जाताना पायरीवर बसून त्याने सावकाश चपला घातल्या आणि पुन्हा एकदा मागे वळून हसला. समोरच्या ओट्यावर तांदूळ निवडत बसलेल्या दोघी बायकांनी हे सगळं ऐकलं होतं. त्या खाली बघून तांदूळ निवडत राहिल्या. गोविंदाला त्या क्षणी त्यांचा इतका राग आला की काय सांगावं, जणू खोटं त्यांनीच सांगितलं होतं.

रंगूबाईने न दिलेला शब्द पाळला. रविवारी कोपरीची माणसं आली तेव्हा तिने त्यांना घरात बसवून सरबत दिलं आणि कृतिकाचे गोडवे गायले. अशी मुलगी दिवा घेऊन शोधलीत तरी मिळायची नाही, म्हणाली. एप्रिलमध्ये साखरपुडा झाला. कमलेशचं लग्न मेमध्ये ठरलं, कृतिकाचं पावसाळ्यानंतर. कलावती कित्येक वर्षांनी गाणं गुणगुणत भाकऱ्या थापू लागली. गोविंदाला रात्री झोप लागायची, हे इथे नमूद केलं पाहिजे. चांगली झोप लागायची. आपण खोटं बोललो तर आपल्याला काहीतरी होईल, असं त्याला जन्मभर वाटत आलं होतं, आणि काहीच झालं नव्हतं.

झालं ते महिनाअखेरीस. कृतिका आणि नयन रोज फोनवर बोलायचे. एक दिवस नयनने तिला सांगितलं की कॉलेजात असताना त्याचं एका मुलीवर प्रेम होतं, दोन वर्षं, तुला माहीत असलेलं बरं. मग कृतिकाने त्याला फिटचं सांगितलं. गप्प बस म्हणून बापाला हात जोडणारी ही मुलगी स्वतः पंधरा दिवससुद्धा गप्प बसू शकली नाही. बापाचंच रक्त, दुसरं काय.

नयनचे वडील येऊन साखरपुड्याची साडी परत ठेवून गेले. आवाज चढवला नाही त्यांनी. "आजाराचं काही नव्हतं हो," ते म्हणाले. "आमच्याही घरात कुणाला काय, कुणाला काय आहे. तुम्ही सांगितलं असतंत तर आम्ही समजून घेतलं असतं. लपवलंत, ते मनाला लागलं. शेजाऱ्यांनाही पढवून ठेवलंत."

खरं सांगितलं तेव्हा नऊ जण गेले आणि लपवलं तेव्हा दहावा. आता आपण नेमकं काय करायला हवं होतं, हे आपल्याला कुणीतरी समजावून सांगावं असं गोविंदाला फार वाटलं. पण विचारणार कुणाला? या गल्लीत असले प्रश्न लोक त्यालाच विचारायचे.

कृतिका रडली नाही. ती दुसऱ्या दिवशी कामावर गेली. त्या दिवसापासून तिने लग्नाचा विषय बंद केला आणि बापाशी बोलणंही जवळजवळ बंद केलं. जेवायला या, पाणी गेलंय, दार लावून घ्या, एवढंच.

कमलेशच्या हळदीला तेव्हा आठ दिवस होते. आंबिवली म्हणजे एकच स्टेशन. तिसऱ्या दिवशी गोविंदाने गिरणी लवकर बंद केली आणि स्कूटरवर बसून तो आंबिवलीला गेला. गाव सापडलं, गल्ली सापडली, घरही लांबून दिसलं. दारात मांडवाचे बांबू पडले होते आणि तो माणूस, दिशाचा बाप, उन्हात उभा राहून बांबू मोजत होता. एक चांगलासा बांबू त्याने हाताने दाबून बघितला. गोविंदाच्या मनात आलं, आता सांगितलं तर लोक म्हणतील, स्वतःच्या पोरीचं मोडलं म्हणून हिचंही मोडायला आला. रत्नदीपच्या बापाने जे म्हटलं होतं तेच. त्या वेळी ते खोटं होतं, आणि आज ते खरं नाही हे तो छातीवर हात ठेवून सांगू शकत नव्हता. त्याने स्कूटर वळवली. यापलीकडे काही कारण नव्हतं. मी त्याला पाठीशी घालणार नाही.

हळदीच्या जेवणाच्या भाकऱ्यांचं पीठ गोविंदाच्याच गिरणीतून गेलं. दोन गोणी तांदूळ. त्याने गुळगुळीत झालेल्या दगडाला छिन्नीने नव्याने टाकी लावून घेतली आणि पीठ इतकं तलम काढलं की भाकऱ्या थापणाऱ्या बायकांनी निरोप पाठवून कौतुक केलं.

दिशा पहिल्यांदा गिरणीवर आली ती जूनमध्ये. हातात हिरवा चुडा, डोक्यावर छत्री. डबा ठेवून म्हणाली, "गिरणीवाले नाना ना तुम्ही? मी कमलेशची मिसेस. बाबा सांगत होते तुमच्याबद्दल. म्हणाले, बाकी कुणाला विचारलं नाही तरी चालेल, गिरणीवाल्यांनी सांगितलंय ना, मग झालं."

"बरी आहेस ना, बाळ?"

"हो. छान आहे सगळं."

ऑगस्टमध्ये डबा डाव्या हातात आला. गोविंदाने विचारलं नाही, पण तिनेच सांगितलं. "ओट्यावरून पडले, नाना." सासूकडून तिला घर मिळालं होतं, भांडीकुंडी मिळाली होती, आणि हे वाक्यही तिथूनच मिळालं होतं. रंगूबाईचे हात मात्र आता बरे झाले होते. ती हल्ली देवळात भजनाला जायची.

नवरात्रात दिशाच्या कानामागे काळंनिळं झालेलं दिसलं. गोविंदा म्हणाला, "पोलिसांत जायचं का? मी येतो." ती म्हणाली, "दळण कधी न्यायला येऊ?" तो एकदा कमलेशकडेही गेला. कमलेश हसला आणि म्हणाला, "नाना, तुम्हीच तर माझं सर्टिफिकेट दिलंय. आता परत घेता काय?"

दिवाळी होऊन पंधरा दिवस झाले असतील. भातकापणी उरकली होती. एका सकाळी गिरणीसमोर रिक्षा थांबली आणि दिशाचा बाप उतरला. रिक्षावाल्याच्या मदतीने त्याने एक गोणी उतरवून पायरीवर ठेवली, मग चपला काढून आत आला. थकलेला दिसत होता.

"नवीन तांदूळ आहे, गोविंदशेठ. घरच्या शेतातला, उरलंय तेवढं शेत. म्हटलं, पहिली गोणी तुमच्याकडे." तो स्टुलावर बसला, थोडा दम खाल्ला. "यायचं कधीपासून होतं. जुलैमध्ये छातीत कळ आली, दोन स्टेंट टाकले. डॉक्टरांनी जिना चढू नका, चिंता करू नका, असं सांगितलंय. आता चिंता कसली म्हणा. दिशा सुखात आहे. रोज फोनवर हसून बोलते. एवढं विचारून-सवरून मुलगी दिल्याचं समाधान आहे."

गोविंदाने उठून चक्की बंद केली.

"धाकटीचं पण बघतोय," तो माणूस सांगत होता. "एक स्थळ तुमच्याच भागातलं आहे. नाव आणलंय लिहून. तुम्ही हो म्हणालात तरच पुढे जाणार."

त्याने खिशातून कागद काढून पुढे केला. गोविंदाने तो घेतला नाही.

"दादा, मी तुमच्याशी खोटं बोललो होतो."

"काय?"

"कमलेश पितो. तेव्हाही प्यायचा. आईला मारायचा, आता दिशाला मारतो. मला सगळं माहीत होतं. तुम्ही विचारलंत, आणि मी नाही म्हणालो. दोनदा म्हणालो."

तो माणूस रागावला नाही. त्याला ते नीट कळलंच नसावं. हातातला कागद त्याने घडी करून पुन्हा खिशात ठेवला. मग फोन काढून त्याने दिशाला लावला. "गिरणीवर आहे गं, नानांच्या. ये जरा इथे. नाही, नाही, मी बराय. ये तू."

ती पाच मिनिटांत आली. घरातून निघायला निमित्त हवं म्हणून हातात डबा होता, अर्धाच भरलेला. अंगात पूर्ण बाह्यांचा ब्लाउज. तिने एकदा बापाकडे बघितलं, एकदा गोविंदाकडे, आणि काय झालं असेल ते तिच्या लक्षात आलं.

"बाळा, हे काय म्हणतायत नाना? कमलेश तुला..." बापाला पुढे बोलता येईना. त्याने छातीवर हात ठेवला होता.

दिशा हसली. इतकं सहज हसली की क्षणभर गोविंदालाही वाटलं, आपलंच काही चुकत असेल.

"काही नाही हो बाबा. नानांच्या कृतिकाचं लग्न मोडलं ना, तेव्हापासून ते असंच काहीतरी बोलतात. गल्लीत सगळ्यांना माहितीय. मनाला लावून घेतलंय त्यांनी." ती बापाजवळ बसली, त्याचा छातीवरचा हात काढून आपल्या हातात घेतला. "मी नाही का सुखात? बघा माझ्याकडे."

बापाने बघितलं. त्याला जे बघायचं होतं ते दिसलं. त्याने मोठा श्वास सोडला आणि गोविंदाकडे वळला. आता त्याच्या नजरेत कीव होती. वेड लागलेल्या ओळखीच्या माणसाकडे बघतात तशी.

"होतं असं, गोविंदशेठ. मुलीचं दुःख वाईट. तब्येतीला जपा." तो उठला, चपला घातल्या. धाकटीचा विषय त्याने पुन्हा काढला नाही. दिशाने त्याला धरून रिक्षात बसवलं, घरी जाऊन गोळी घ्या म्हणाली, आणि रिक्षा वळेपर्यंत हात हलवत राहिली.

मग ती परत येऊन डब्याशेजारी उभी राहिली. आता हसत नव्हती.

"नाना, तेव्हा सांगितलं असतंत तर मी वाचले असते. आता सांगून फक्त ते मरतील." ती हळूच बोलत होती, रागाशिवाय. "पुन्हा सांगू नका कुणाला. माझी शपथ आहे."

माफ कर म्हणावं असं गोविंदाला वाटलं, पण ते म्हणायचंही धाडस झालं नाही. तो पायरीवरची गोणी दाखवून म्हणाला, "हा तांदूळ तू घेऊन जा, बाळ. मला नको. तुझ्या बापाच्या घरचा आहे."

"घरी नेला तर कुठून आला विचारतील. मग बाबा आलेले ते कळेल. मग काय बोलणं झालं ते विचारतील." तिने डबा तराजूवर ठेवला. "तुम्हीच ठेवा. तुम्हालाच दिलाय ना त्यांनी. आणि हे जरा बारीक काढा, जाड भाकरी झाली की ते ताट फेकतात."

गोविंदाने तिचं दळण बारीक काढलं.

त्यानंतरही चौकशीला माणसं यायची. गोविंदा चक्की बंद करायचा नाही. मला काही माहीत नाही, म्हणायचा, आणि माणसं दुसऱ्या कुणाला तरी विचारायला जायची. वर्षभरात तीही यायची बंद झाली.

दिशाच्या बापाने आणलेली गोणी त्या वेळी आठ दिवस पायरीजवळ तशीच होती. मग किडे लागायला नकोत म्हणून कलावतीने ती उघडली, थोडा तांदूळ धुऊन सुकवला आणि नवऱ्याकडूनच दळून घेतला. रात्री तिने भाकऱ्या केल्या. कृतिकाने बापाचं ताट वाढलं आणि जेवायला या म्हणाली. गोविंदा पाटावर बसला. नव्या तांदळाची भाकरी, पांढरीशुभ्र, टम्म फुगलेली. कलावतीने विचारलं कशी झालीय.

"चांगली झालीय," तो म्हणाला. खोटं नव्हतं ते. भाकरी खरंच चांगली झाली होती आणि त्याने ती पूर्ण खाल्ली.